‘आमच्याकडे नाही’ या उत्तरापुढे

(पांढुर्णा व सौंसर तालुक्यांतील नागरिकांच्या सभेत आमच्या संपादकांनी केलेल्या भाषणाचा मजकूर)



माणसाचा खून झाला तर निदान प्रेत मागे राहते. प्रेत असले म्हणजे पंचनामा होतो, शवचिकित्सा होते, घरच्यांना अग्नी देता येतो किंवा माती देता येते, आणि आज ना उद्या कोणावर तरी खटला उभा राहतो. परंतु माणूस नाहीसा करण्यात आला म्हणजे यांपैकी काहीच उरत नाही. आई ठाण्यात जाते, तर उत्तर मिळते, ‘आमच्याकडे नाही.’ वडील तुरुंगाच्या दारात जातात, तेथेही तेच उत्तर. पत्नीने कपाळीचे कुंकू ठेवावे की पुसावे, हे तिला सांगणारा कोणी नाही. कायदा म्हणतो, सात वर्षे वार्ता नसली तर माणूस मेला असे समजावे. धर्मशास्त्र बारा वर्षे वाट पाहायला सांगते आणि मग पळसाच्या पानांचा पुतळा करून त्याला अग्नी द्यायला सांगते. परंतु ज्याला सरकारी गाडीतून नेताना साऱ्या गल्लीने पाहिले, त्याच्यासाठी पळसाचा पुतळा का जाळायचा, असे त्या माउलीने विचारले, तर तिला काय उत्तर द्याल?

या गुन्ह्याचे वैशिष्ट्य ध्यानी घ्या. यात माणसाबरोबर त्याची नोंदही मारली जाते. म्हणून या गुन्ह्याविरुद्धचा लढा हा प्रथम नोंदीचा लढा आहे. आपल्या बोलण्यातच पाहा. ‘मुलगा बेपत्ता झाला’ असे आपण सहज म्हणून जातो. जत्रेत चुकलेले पोर बेपत्ता होते. ज्याला धरून नेले तो बेपत्ता केला जातो. एका क्रियापदाच्या फरकात कर्ता लपतो, आणि कर्ता लपला की जबाबदारीही लपते. त्या लपलेल्या कर्त्याला उजेडात ओढण्याचे काम अर्ज, साक्षीपुरावा आणि न्यायालये यांनी करावयाचे असते. अलीकडच्या काळात त्यांच्या जोडीला अनुबोधपट उभा राहिला आहे. त्याने काय साधते आणि काय साधत नाही, याचा विचार मी आज आपणापुढे मांडणार आहे.

ही युक्ती नवी नाही. ७ डिसेंबर १९४१ रोजी हिटलरच्या राजवटीने एक फर्मान काढले. जिंकलेल्या पश्चिम युरोपीय देशांतील विरोधकांना रातोरात जर्मनीत न्यावे आणि त्यांच्याविषयी घरच्यांना एक अक्षरही कळू देऊ नये, असा त्याचा आशय होता. ‘रात्र आणि धुके’ हे त्या फर्मानाचे नाव. मरणाने माणसे एकदाच रडतात, अनिश्चिततेने मात्र सारा गाव कायमचा भितो, हे त्यामागचे गणित होते. त्याच नावाने आलँ रेने या फ्रेंच दिग्दर्शकाने छळछावण्यांवर अर्ध्या तासाचा अनुबोधपट केला आणि तो १९५६ साली प्रदर्शित झाला. त्याच्या वाट्याला काय आले? एका जुन्या छायाचित्रात छावणीवर पहारा करणाऱ्या फ्रेंच शिपायाची टोपी दिसत होती. प्रेतांचे ढीग परीक्षण मंडळाने चालवून घेतले. ती टोपी त्याला चालली नाही! आपल्याच देशाचा शिपाई त्या पापात सामील होता, हे ती टोपी सांगत होती. अखेर ती झाकावी लागली. सत्तेला कशाचे भय वाटते ते यावरून ओळखावे. हळहळ तिला सोसते. गणवेश ओळखला गेला की ती अस्वस्थ होते.

कोणी म्हणेल, ती हुकूमशाही होती, आपल्याकडे राज्यघटना आहे. खरे आहे. घटनेचे २२ वे कलम सांगते की, अटक झालेल्या माणसाला प्रवासाचा वेळ सोडून चोवीस तासांच्या आत दंडाधिकाऱ्यापुढे उभे केले पाहिजे. माणूस दडवून ठेवला असेल तर ‘त्याला आमच्यासमोर हजर करा’ असा आदेश उच्च न्यायालय देऊ शकते. परंतु हे छत्रही एकदा मिटले गेले होते, आणि त्या प्रकरणाला आपल्याच प्रदेशातील जबलपूरचे नाव चिकटलेले आहे. २८ एप्रिल १९७६ रोजी, आणीबाणीच्या काळात, ‘अतिरिक्त जिल्हा दंडाधिकारी, जबलपूर’ या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने चार विरुद्ध एक अशा मताने निर्णय दिला की, आणीबाणीत असा अर्ज कोणालाही करता येणार नाही. विरुद्ध मत देणारे एकटे न्यायमूर्ती हंसराज खन्ना होते. तो निर्णय चूक होता, हे त्याच न्यायालयाने २०१७ साली स्पष्ट शब्दांत मान्य केले. पण त्याला ४१ वर्षे लागली.

त्या निर्णयाची झळ कशी पोहोचली, ते केरळातील एका पित्याने जाणले. त्यांचे नाव ईच्चर वारियर, पेशा हिंदी शिकविण्याचा. त्यांचा मुलगा राजन कालिकतच्या अभियांत्रिकी महाविद्यालयात शिकत होता. १ मार्च १९७६ रोजी पोलिसांनी त्याला वसतिगृहातून उचलले. पित्याने मंत्र्यांचे उंबरठे झिजविले, अर्जांवर अर्ज केले. उत्तर एकच, आमच्याकडे नाही. २१ मार्च १९७७ रोजी आणीबाणी उठली आणि चारच दिवसांत हा शिक्षक उच्च न्यायालयाच्या दारात उभा राहिला. मुलाला अटक झालीच नव्हती, असे सरकारने शपथेवर सांगितले. न्यायालयाने ते मानले नाही. मग कबूल करावे लागले की, मुलगा कक्कयमच्या पोलीस छावणीत केव्हाच मेला होता. मुख्यमंत्री करुणाकरन यांना त्याच एप्रिलमध्ये पायउतार व्हावे लागले. मुख्यमंत्री गेला, पण प्रेत मिळाले नाही. २००६ साली ईच्चर वारियर वारले, तोपर्यंत मुलाची राख त्यांच्या हाती पडलेली नव्हती. या दुःखातून स्फुरलेला शाजी करुण यांचा ‘पिरवी’ हा चित्रपट १९८९ साली जगभर पाहिला गेला. त्यातला म्हातारा बाप मुलाची वाट पाहत रोज बसथांब्यावर जातो. न्यायालयाच्या निकालपत्रात हे वाट पाहणे मावत नाही. ते मावण्यासाठी पडदा लागतो.

आता दूरची उदाहरणे राहू द्या. आपल्याच मराठी मुलखात या. परभणीचा ख्वाजा युनुस हा सत्तावीस वर्षांचा अभियंता दुबईत नोकरी करीत होता. २ डिसेंबर २००२ रोजी मुंबईत घाटकोपर येथे बसमध्ये स्फोट झाला आणि दोन माणसे मेली. त्या प्रकरणात, सुटीवर घरी आलेल्या युनुसला पोलिसांनी डिसेंबरअखेर धरले. जानेवारी २००३ च्या पहिल्या आठवड्यात पोलिसांनी जाहीर केले की, तपासासाठी औरंगाबादकडे नेत असता पारनेरनजीक गाडीला अपघात झाला आणि तो पळून गेला. सहआरोपीचे म्हणणे निराळे होते. कोठडीत त्याला अमानुष मारहाण होताना आपण पाहिले, असे त्याने सांगितले. वडिलांनी उच्च न्यायालयात धाव घेतली. गुन्हे अन्वेषण विभागाच्या चौकशीत पलायनाची कथा रचलेली असल्याचे आणि युनुस कोठडीतच मेल्याचे निष्पन्न झाले. वडील लढता लढता गेले. आईने लढा हाती घेतला. विभागाने चौदा पोलिसांवर खटल्याची परवानगी मागितली होती. सरकारने चौघांपुरती दिली. २०१२ साली उच्च न्यायालयाने आईला वीस लाख रुपये भरपाई देण्याचा आदेश दिला. प्रमुख साक्षीदाराची साक्ष सुरू व्हायला मात्र जानेवारी २०१८ उजाडला, म्हणजे घटनेनंतर पंधरा वर्षे. आणि जून २०२० मध्ये ते चारही आरोपी पोलीस दलात पुन्हा कामावर घेतले गेले! युनुसचा मृतदेह आजवर त्या आईला मिळालेला नाही.

येथे एक आक्षेप येतो, आणि तो टाळून पुढे जाणे अप्रामाणिकपणाचे होईल. बॉम्ब फोडणाऱ्यांविषयी एवढा कळवळा कशाला, असे विचारणारे सज्जन या सभेतही असतील. त्यांना माझे उत्तर असे. त्या स्फोटाच्या खटल्यात जे आरोपी न्यायालयापुढे उभे राहिले, ते २००५ साली निर्दोष सुटले. युनुस जगला असता तर तोही त्यांच्याच रांगेत उभा असता. परंतु तो दोषी ठरला असता असे क्षणभर धरून चाला. तरीही दोषी कोण हे ठरविण्याचा अधिकार न्यायासनाचा की कोठडीतल्या पट्ट्याचा? ज्याला मारून नाहीसा केला, त्याच्या तोंडून सत्य कधीच बाहेर येणार नाही. म्हणजे घाटकोपरच्या बसमध्ये जी दोन माणसे मेली, त्यांनाही न्याय मिळाला नाही. माणूस नाहीसा करणारा पोलीस परभणीच्या आईइतकाच स्फोटातील मृतांच्या आप्तांचाही अपराधी असतो.

मग अशा प्रसंगी कॅमेरा हाती घेणारा माणूस काय करू शकतो? तो माणूस परत आणू शकत नाही. तो निकालही देऊ शकत नाही. तो एकच गोष्ट करतो. ज्याची नोंद पुसण्यात आली, त्याच्यासाठी थांबलेल्यांची नोंद तो करतो. चिलीमध्ये ११ सप्टेंबर १९७३ रोजी लष्कराने सत्ता बळकावली आणि पुढच्याच महिन्यात कलामा गावच्या सव्वीस माणसांना गोळ्या घालून आटाकामाच्या वाळवंटात पुरले. नंतर ती प्रेतेही यंत्राने उकरून अन्यत्र फेकली गेली. गावच्या स्त्रिया फावडी घेऊन कित्येक वर्षे वाळवंट चाळीत राहिल्या आणि त्यांना हाडांचे तुकडे मिळत गेले. पात्रिसिओ गुस्मान यांनी २०१० साली यावर अनुबोधपट केला. त्याच वाळवंटात जगातल्या मोठ्या दुर्बिणी आहेत. एकीकडे शास्त्रज्ञ कोट्यवधी वर्षांपूर्वीचा प्रकाश शोधीत आहेत, आणि दुसरीकडे एक बाई चाळीस वर्षांपूर्वीचे नवऱ्याचे हाड शोधीत आहे. आपल्या देशातही काश्मीरच्या इफ्फत फातिमा यांनी बेपत्ता केलेल्यांच्या आप्तांसमवेत अनेक वर्षे राहून २०१५ साली ‘खून दिय बारव’ हा अनुबोधपट पुरा केला. ज्या स्त्रियांना वर्षानुवर्षे ‘विधवा की सधवा’ हेच ठाऊक नाही, त्यांचे चेहरे त्यात आहेत. चेहऱ्याला ‘आमच्याकडे नाही’ असे उत्तर देता येत नाही.

मराठी माणसाने अभिमानाने सांगावे असे एक नाव या क्षेत्रात आहे, ते आनंद पटवर्धन यांचे. आणीबाणीतील राजकीय बंदिवानांवर त्यांनी १९७८ साली ‘जमीर के बंदी’ हा अनुबोधपट केला. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याची विटंबना झाल्याने जमलेल्या लोकांवर गोळीबार झाला आणि दहा माणसे मेली. येथे माणूस नाहीसा केला गेला नव्हता. येथे सत्य नाहीसे करण्याचा उद्योग होता. जमाव गॅसचे टँकर पेटवू पाहत होता म्हणून गोळी झाडावी लागली, असे पोलिसांनी सांगितले. थोड्याच दिवसांत शाहीर विलास घोगरे यांनी गळफास लावून घेतला. पटवर्धनांनी त्या दिवसांपासून चित्रण सुरू केले आणि चौदा वर्षांनी, २०११ साली, ‘जय भीम कॉम्रेड’ पुरा केला. दरम्यान चौकशी आयोगाने गोळीबार असमर्थनीय ठरविला आणि २००९ साली सत्र न्यायालयाने गोळीबाराचा हुकूम देणाऱ्या अधिकाऱ्याला जन्मठेप सुनावली. पुढे उच्च न्यायालयातून त्याला जामीन मिळाला. खटला असा पुढे-मागे होत राहिला, पण चौदा वर्षे एक माणूस त्या वस्तीत येत राहिला आणि विचारीत राहिला. न्यायाच्या शोधात सर्वांत मोठा शत्रू विस्मरण असते, आणि त्याच्याशी झुंजायला अशी चिकाटीच लागते.

परंतु कॅमेऱ्यापुढे हात जोडून उभे राहू नका. अश्रू दाखविणे म्हणजे पुरावा देणे नव्हे. पंजाबात जसवंत सिंग खालरा हे अमृतसरच्या एका बँकेत काम करणारे गृहस्थ होते. त्यांनी बेपत्ता मुलांचा शोध कोठे घेतला? नगरपालिकेच्या स्मशानातील लाकडांच्या नोंदवहीत! ‘बेवारस’ म्हणून जाळलेल्या प्रेतांसाठी किती लाकूड दिले गेले, याचा हिशेब कारकुनाने इमानाने लिहून ठेवला होता. पुढे केंद्रीय अन्वेषण विभागाच्या चौकशीत अमृतसर, पट्टी आणि तरनतारन येथील स्मशानांत २,०९७ बेकायदा दहने झाल्याचे उघड झाले. खालरा यांना मात्र ६ सप्टेंबर १९९५ रोजी घरासमोरून उचलण्यात आले आणि शोधणारा स्वतःच नाहीसा झाला. २००५ साली न्यायालयाने त्याबद्दल सहा पोलिसांना दोषी ठरविले. जो अनुबोधपट लाकडांच्या वहीपर्यंत पोहोचतो तोच टिकतो. जो केवळ हुंदक्यापाशी थांबतो तो दुसऱ्या दिवशी विसरला जातो.

आणि कॅमेरा सरकारपाशीही आहेच. २ डिसेंबर २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने आदेश दिला की, देशातील प्रत्येक पोलीस ठाण्यात, प्रवेशद्वारापासून कोठडीपर्यंत, आवाजासह चित्रण करणारे कॅमेरे बसवावेत आणि ते चित्रण अठरा महिने, निदान एक वर्ष तरी, जपून ठेवावे. आपल्या ठाण्यात ते आहेत काय, चालू आहेत काय, हे विचारण्याचा आपणांस अधिकार आहे. माणूस कोठडीत असतो तेव्हाच नेमका कॅमेरा बंद पडत असेल, तर तो कॅमेरा कोणाच्या सोयीसाठी लावला आहे, हे विचारणे नागरिकाचे कर्तव्य आहे.

हे सारे पांढुर्ण्यात आणि सौंसरात कशासाठी सांगायचे? कारण सीमेवरच्या माणसाला ‘आमच्याकडे नाही’ या उत्तराची जोड म्हणून आणखी एक उत्तर ऐकावे लागते, ‘आमच्या हद्दीत नाही.’ आपली पोरे कामाला नागपुरास जातात, संत्र्याच्या गाड्यांबरोबर दूर दूर जातात. तिकडे कोणाचे काही झाले तर इकडचे ठाणे तिकडे बोट दाखविते आणि तिकडचे इकडे. १९३६ साली स्थापन झालेले नागपूरचे उच्च न्यायालय १ नोव्हेंबर १९५६ पर्यंत याही भूमीचे उच्च न्यायालय होते. आज नागपूर सुमारे शंभर किलोमीटरवर असूनही येथल्या आईला आपल्या ठाण्याविरुद्ध दाद मागण्यासाठी त्याच्या दुपटीहून अधिक लांब जबलपुरास जावे लागते. ५ ऑक्टोबर २०२३ रोजी पांढुर्णा जिल्हा झाला, कचेऱ्या जवळ आल्या. परंतु आईची मराठी फिर्याद जेव्हा हिंदीत उतरते, तेव्हा ‘नेला’ या शब्दाचा ‘चला गया’ होत नाही ना, हे कोण पाहणार? ज्याला आपल्या भाषेत वाचून दाखविले नाही, त्याच्या सहीला अर्थ किती?

आणि आपल्या हाती कॅमेरा नाही असे तरी कसे म्हणावे? पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी जाम नदीच्या पात्रात गोटमार होते, तेव्हा पांढुर्णा आणि सावरगाव या दोन्ही काठांवर हजारो भ्रमणध्वनी उंचावलेले असतात. दगड, रक्त, झेंडा, सारे टिपले जाते आणि संध्याकाळपर्यंत गावोगाव पोहोचते. चित्रण करण्याची सवय आपणांस लागली आहे. साक्ष देण्याची लागायची आहे. या दोहोंमध्ये तारीख, वेळ, ठिकाण, नाव आणि धैर्य एवढेच अंतर आहे.

म्हणून काही गोष्टी पदरी बांधून घरी जा. कोणालाही धरून नेताना पाहिले तर गाडीचा क्रमांक, वेळ आणि ठिकाण तेथल्या तेथे लिहून ठेवा. अटकेचा कागद मागा. त्यावर साक्षीदाराची सही असलीच पाहिजे आणि आप्ताला कळविलेच पाहिजे, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९६ च्या डी. के. बसू प्रकरणात सांगून ठेवले आहे. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेच्या १७३ व्या कलमाप्रमाणे गुन्हा कोणत्याही हद्दीत घडलेला असो, ठाण्याने फिर्याद नोंदविलीच पाहिजे, ती वाचून दाखविली पाहिजे आणि तिची प्रत विनामूल्य दिली पाहिजे. त्याच संहितेच्या ३७ व्या कलमाने अटक केलेल्यांची नावे-पत्ते ठाण्यात ठळकपणे लावणे बंधनकारक केले आहे. भ्रमणध्वनीत काही टिपले असेल तर ते इतरांना धाडून मूळ पुसून टाकू नका. साक्ष्य अधिनियमाच्या ६३ व्या कलमाप्रमाणे प्रमाणपत्र देण्याची वेळ आली म्हणजे मूळ चित्रणच कामी येते. आणि कोणी तरुण तुमच्या दारी येऊन ‘तुमची हकीकत चित्रित करू काय?’ असे विचारील, तर त्याला प्रथम विचारा की, हे कोठे दाखविणार, यामुळे आम्हांवर संकट आले तर तू कोठे असशील? समाधान झाले तर मात्र दार लावून घेऊ नका.

एक मागणी आपण सर्वांनी मिळून करायची आहे. माणसे सक्तीने नाहीशी करण्याविरुद्धचा आंतरराष्ट्रीय करार २० डिसेंबर २००६ रोजी संयुक्त राष्ट्रसंघाने संमत केला. भारताने फेब्रुवारी २००७ मध्ये त्यावर सही केली, परंतु त्याला अंतिम मान्यता अद्याप दिलेली नाही. आणि आपल्या दंडविधानात या गुन्ह्याला स्वतंत्र नावही नाही. ज्या गुन्ह्याला नाव नाही, तो सिद्ध कसा करायचा? आपले खासदार मते मागायला येतात, तेव्हा रस्ता आणि पाणी यांच्याबरोबर हाही प्रश्न त्यांच्यापुढे ठेवा.

बंधुभगिनींनो, परभणीची ती आई कोणत्याही पक्षाची नाही, कोणत्याही सीमेच्या अलीकडची वा पलीकडची नाही. तिची मागणी फार लहान आहे: माझा मुलगा कोठे आहे, एवढे सांगा. ज्या राज्याला या प्रश्नाचे उत्तर देता येत नाही, त्या राज्याने आपल्या सामर्थ्याच्या गोष्टी सांगू नयेत. आणि ज्या गावाला हा प्रश्न विचारण्याचे धैर्य उरले नाही, त्या गावाने आपली पोरे सुरक्षित आहेत असे समजू नये. तो प्रश्न विचारणारे लोक आणि तो टिपणारे कॅमेरे या मातीतून उभे राहोत, एवढी इच्छा व्यक्त करून मी आपली रजा घेतो.